रायभानची मिशी, जयवंताबाईचा पदर

रायभानने उभ्या आयुष्यात एकच सिनेमा काढला आणि त्यातल्या नायिकेचं तोंड पहिल्या खेळाला कुणालाच दिसलं नाही. हे मी त्याची बदनामी करायला सांगत नाही. बदनामीच करायची तर माझ्याकडे याहून चांगला माल आहे. त्या सिनेमाचं हँडल मी फिरवलं, पडद्यावरच्या पाट्या मी लिहिल्या, आणि नावं द्यायची वेळ आली तेव्हा 'बद्रीनाथ, मुक्काम केदारखेडा' एवढीच ओळ माझ्या वाट्याला आली, तीही मीच लिहीत होतो म्हणून. बाकी सगळीकडे रायभान. कथा रायभान, कॅमेरा रायभान, दरोडेखोर रायभान, लांडग्याचा मालकही रायभान.

आम्ही दोघं केदारखेड्याचे. माझं घर शेतीवाल्यांचं, त्याचं मेंढरांचं. तो माझ्याहून दोन वर्षांनी मोठा, म्हणून अक्कलही त्यालाच जास्त, असं त्याचं मत होतं. त्याचा बाप धुळाजी हा पूर्णेकाठचा मोठा मेंढपाळ. गडी फार कमी बोलायचा, पण एकदा बोलला की पुन्हा विचारायची सोय नसायची. आम्ही पोरं त्याला आबा म्हणायचो आणि तो येताना दिसला की वाट बदलायचो.

सत्तावीस साली धुळाजी आबाने घोड्यावर लोकरीचं ओझं घालून रायभानला जालन्याच्या बाजाराला धाडलं. आठव्या दिवशी घोडं परत आलं. घोड्यावर मीठ आलं, गूळ आला, लोकरीचा पैसा आला. रायभान तेवढा आला नाही. घोडं माझ्या चुलत्याने आणून बांधलं आणि सांगितलं, "पोरगा तंबूत बसून राह्यला. म्या चल म्हणलं तर म्हणतो, आजचा खेळ पाहून येतो. रोज त्योच खेळ हाये, आन रोज ह्यो तेच म्हणून राह्यला."

तंबू फिरत्या सिनेमावाल्यांचा होता. जालन्याहून तो परभणीला गेला, तिथून कुठं कुठं, आणि रायभान त्याच्याबरोबर. सात वर्षं गेली. मधून मधून माझ्या नावावर कार्ड यायचं, कारण त्याच्या घरात वाचणारं कुणी नव्हतं. पहिल्या कार्डात तो तंबूच्या दाराशी ताशा बडवत होता. दुसऱ्यात जाहिराती चिकटवत होता. मग पडद्याशेजारी उभा राहून लोकांना गोष्ट समजावून सांगायला लागला, मग मशीन चालवायला लागला. शेवटी नाशकाकडच्या एका कंपनीत शिरला. तिथं देवांना दाढ्या लावणं, राक्षसांच्या दाढ्या काढणं, उन्हात चकचकीत पत्रे धरणं आणि अंधारात फिल्म धुणं ही चारही कामं एकट्याने करतो, असं त्याने लिहिलं होतं. पगार किती ते कधीच लिहिलं नाही, त्यावरून आम्ही काय ते समजलो.

चौतीस साली तो परत आला. तोवर सिनेमा बोलायला लागला होता आणि मुक्या सिनेमाची यंत्रं कंपनीवाले भंगारात काढत होते. सगळं जग बोलपट काढायला धावलं, तेव्हा आमच्या गड्याने मुका सिनेमा काढायचं ठरवलं. त्याच्या वाट्याच्या बावीस मेंढ्या गेल्या आणि एक लाकडी पेटी आली. पेटीला एक डोळा आणि एक हँडल.

धुळाजी आबा पेटीभोवती एक फेरी मारून उकिडवा बसला. "दूध देती का?"

"न्हाई आबा."

"लोकर?"

"न्हाई."

"मंग खाती तरी काय?"

"फिल्म खाती. मुंबईहून आणावी लागती."

आबा उठला, धोतर झटकलं आणि मेंढरांकडे गेला. तरी त्याने पोराला घराबाहेर काढलं नाही, हे लक्षात ठेवा. पुढे जे झालं ते पेटीमुळे झालं नाही, मिशीमुळे झालं.

रायभानची बायको जयवंताबाई आष्टीकडची. लग्न लहानपणीच झालेलं, आणि नवरा सिनेमावाल्यांमागे हिंडत असताना ही सात वर्षं सासऱ्याच्या घरी मेंढरं राखत होती. एकदा तिने लांडग्याच्या तोंडातून कोकरू ओढून घेतलं होतं. आमच्या गावात लांडग्याला भ्यायचे ते भ्यायचे, जयवंताबाईला सगळेच भ्यायचे. ती फक्त धुळाजी आबासमोर तोंड उघडत नसे. दोन्ही अर्थांनी नसे. सासरा दाराशी आला की बाहेरूनच खाकरायचा, ही आतल्या आत पदर हनुवटीपर्यंत ओढायची, मग तो आत यायचा. सात वर्षं एका चुलीवरचं खाऊन धुळाजी आबाने सुनेचं तोंड पाहिलेलं नव्हतं. मी नवऱ्याहून लहान, म्हणजे दिरासारखा, म्हणून माझ्यासमोर पदर नसायचा. शिव्याही मोकळ्या मिळायच्या.

सिनेमाचं नाव ठरलं 'सुनेचा पराक्रम'. नवरा परगावी, सासरा आजारी, आणि सून एकटी पूर्णेच्या वाळवंटात आधी लांडग्याला आणि मग दरोडेखोराला काठीने बडवते, अशी गोष्ट. ही कल्पना कुठून सुचली असं विचारलं की रायभान म्हणायचा, "डोक्यातून." त्याच्याच घरात चुलीपुढे बसलेली बाई त्याला दिसत नव्हती. सिनेमावाल्यांची नजर लांबची असते म्हणतात.

सुनेचं काम कोण करणार, हा प्रश्न. जालन्याहून नंदाबाई नावाची एक नाटकातली बाई बैलगाडीत बसून आली. तिने वाळवंट पाहिलं, लांडग्याचं काम करणारा रायभानचा मोत्या कुत्रा पाहिला, काठी हातात घेऊन पाहिली आणि त्याच गाडीने परत गेली. मग रायभानने माझ्याकडे वळून माझं तोंड दोन्ही बाजूंनी न्याहाळलं.

"बद्र्या, तुझी हनुवटी नाजूक हाये."

"माझा बाप जित्ता हाये," मी म्हणालो.

 आमच्याकडे मिशी एकदाच उतरवतात, बाप गेल्यावर. बाप जिवंत असताना मिशी काढली तर त्याचा अर्थ काय होतो हे शेंबड्या पोरालाही कळतं. रायभानला कळत नव्हतं असं नाही. पण सात वर्षं दाढ्यामिशा लावण्या-काढण्यात घालवलेल्या माणसाला मिशी हा केसांचाच प्रकार वाटायला लागतो. सोमवारी तो भोकरदनला गेला, न्हाव्यापुढे बसला आणि साफ चकाचक होऊन केदारखेड्याच्या वाटेला लागला.

वाटेत ज्याने ज्याने पाहिलं त्याने हात जोडले. रायभानला वाटलं, सिनेमावाला म्हणून मान देऊन राह्यले. त्यानेही हात जोडले. तो पायी, आणि भोकरदनच्या बाजाराहून येणाऱ्या गाड्या त्याच्या पुढे. तो गावात पोचायच्या आत धुळाजी आबा वारल्याची बातमी गावात पोचली होती. बायका जमल्या होत्या. आबाची चुलत बहीण झुंबरबाई दारात बसून गळा काढत होती. जयवंताबाई बिचारी पाण्याला गेलेली, तिला काहीच पत्ता नाही. माझा बापही डोक्याला पंचा गुंडाळून ओट्यावर बसला होता.

अशा वेळी धुळाजी आबा मेंढरं घेऊन घरी आला.

दारात गर्दी पाहून तो मागेच थांबला. घोंगडी खांद्यावर, काठीवर हनुवटी. झुंबरबाई सांगत होती की असा माणूस पुन्हा होणे नाही, की लहानपणी त्याने तिला बोराच्या झाडावरून उतरवलं होतं, की त्याने कधी कुणाचं पान मोडलं नाही. ही बाई तीस वर्षं आबाशी बांधावरून भांडत होती. आबाने ते सगळं शांतपणे ऐकून घेतलं आणि मग शेजारच्याला विचारलं, "कोण गेलं?"

शेजारच्याने वळून पाहिलं आणि तो पळाला. मग सगळेच वळले. झुंबरबाईचा सूर मधेच तुटला आणि ती एकदम म्हणाली, "मेल्या, तू हायेस व्हय!" आणि रडायची ती आता खरंच रडायला लागली. लोक हसायला लागले. मीही हसलो. तेवढ्यात रायभान कोपऱ्यावरून वळून अंगणात आला.

आबाने पोराच्या वरच्या ओठाकडे पाहिलं.  मग म्हणाला, "म्या मेलो म्हणायचं," आणि आत गेला.

त्या दिवसापासून तो रायभानशी बोलेना. चिडून नव्हे, हिशेबाने. रायभानने काही विचारलं की आबा समोरच्या भिंतीला, मोत्याला, नाहीतर माझ्याकडे बघून म्हणायचा, "मेलेलं माणूस बोलतं व्हय?" मग चिलीम ओढायचा. पाय धरले तरी तेच. गावाला पहिले काही दिवस गंमत वाटली. रायभानला तिसऱ्या दिवसापासून जेवण जाईना. सात वर्षं त्याने बापाला एक शब्द विचारला नव्हता, आणि आता बापाच्या एका शब्दासाठी तो अंगणात ताटकळायचा. एका संध्याकाळी मला म्हणाला, "बद्र्या, सिनेमा पुरा झाला आन आबानं पाह्यला तर बोलन. चांगला म्हणू दे, न्हाईतर शिवी देऊ दे. पण बोलन." त्याचं एवढंच म्हणणं होतं आणि त्याचे डोळे भरलेले पाहून मला त्याची थट्टा करता आली नाही. हे फार वेळा होत नसे.

आणि त्या मिशी उतरवण्याचा उपयोग काय झाला? शून्य. लुगडं नेसून तो अंगणात उभा राहिला तेव्हा जयवंताबाईने हातातला खराटा खाली टाकला.

"काढा ते," ती म्हणाली. "माझं लुगडं हाये. म्या करते तुमचं काम. लांडगं हाकायला मला शिकवायला नको. पण पुन्यांदा असं दिसू नका मला."

असा नायिकेचा प्रश्न सुटला. आमचं काम सुरू झालं. मी तेव्हा जालन्याच्या एका जिनिंगमध्ये कारकून होतो, पण उन्हाळ्यात कापूस नसला की घरीच असायचो. रायभानने मला हँडल फिरवायला शिकवलं. धनगरांच्या गजी नाचाच्या ढोलाचा ठेका मनात धरायचा आणि त्या चालीने फिरवायचं, ना जल्दी ना हळू. मला ते बराबर जमायचं, मारामारी सुरू होईपर्यंत. मारामारी सुरू झाली की माझा हात आपोआप जोरात फिरायचा, आणि हँडल जोरात फिरलं की पडद्यावर सगळं संथ दिसतं हे मला कुणी सांगितलं नव्हतं. त्यामुळे सिनेमातला दरोडेखोर आणि सून पाण्यात बुडाल्यासारखे मारामारी करतात. मोत्याने लांडग्याचं काम जीव तोडून केलं, पण जयवंताबाई त्याला रोज भाकरी घालायची, म्हणून तिच्या अंगावर झेप घेताना त्याची शेपटी हलायची ती हलायचीच. शिवाय दरोडेखोर रायभान स्वतः. मिशी हळूहळू उगवत होती आणि फिल्म मुंबईहून तुकड्या-तुकड्याने येत होती. एकाच मारामारीत दरोडेखोराला आधी मिशी नसते, काठी बसली की थोडी येते, आणि मरताना चांगली भरघोस असते.

या सगळ्याचं काही नाही. खरी अडचण पहिल्याच दिवशी कळली. रायभानने 'हं' म्हटलं, मी हँडल फिरवलं, आणि जयवंताबाईने पदर हनुवटीपर्यंत ओढून काठी उगारली.

"अगं, पदर!" रायभान ओरडला.

"घेतलाय की."

"घेऊ नको! आबा कुठं हायेत हितं? आबा मेंढरामागं गेलेत."

"हितं न्हाईत. पण हे पडद्यावर येणार का न्हाई?"

"येणार."

"मामंजी पडद्यापुढं बसणार का न्हाई?"

ज्या एका माणसाने बघावं म्हणून सगळा खटाटोप, तो बसणार नाही असं रायभान कसं म्हणणार? 

"मंग?" जयवंताबाई म्हणाली. "तिथं बसून मामंजी खाकरले तर म्या पडद्यावरून पदर कसा घेऊ?"

मी आयुष्यात पुष्कळ वकील पाहिले, पण याला तोड नाही. रायभानने नाना तऱ्हा केल्या. पाठमोरी हो म्हणाला, बाजूने उभी राहा म्हणाला, वाऱ्याकडे तोंड कर म्हणजे पदर उडेल म्हणाला. वारा आला की ती पदर दातात धरायची. सासऱ्याच्या नजरेपुढे तोंड उघडं टाकायचं नाही, मग तो सासरा वाळवंटात असो की सहा महिन्यांनंतरच्या खेळाला. दोन महिने आम्ही एका पदराचं चित्रण केलं.

फिल्म धुवायला अंधार पाहिजे. तो आमच्या वाड्याच्या पेवात मिळाला. पेव म्हणजे जमिनीखालची ज्वारीची कोठी. तोंड झाकलं की आत डोळ्यात बोट घातलं तरी दिसत नाही. आधी कंदील दोरीने आत सोडायचा, तो विझला नाही की माणूस उतरायचा, कारण पेवातल्या कोंदट हवेने माणसं मेलेली आहेत. घोंगडी विणायच्या खुंट्यांवर रायभान फिल्म गुंडाळायचा आणि तीन घमेल्यांतून बुचकळून काढायचा. आमच्या विहिरीचं पाणी खारट. त्याचे पांढरे ठिपके फिल्मवर बसले ते बसलेच, त्यामुळे भर वैशाखातल्या वाळवंटात पडद्यावर सारख्या गारा पडत असतात.

मग परवानगी. निजामी अमलात चार माणसं जमवायची तरी इजाजत लागायची. पोलिसांचे एक अमीनसाहेब, म्हणजे फौजदारच, भोकरदनला आले, अंधाऱ्या खोलीत खुर्ची टाकून बसले. सगळा सिनेमा पाहिला आणि विचारलं, "इसका मुंह किधर है?"

"साहब, बहू है," रायभान म्हणाला. "ससुर देखनेवाले हैं."

अमीनसाहेबांनी मान हलवली. "बराबर है. शरीफ घर की है," म्हणाले, आणि शिक्का मारला.

पहिला खेळ केदारखेड्यातच. पंचवीस घोंगड्या शिवून तंबू केला, त्यामुळे आत शिरलं की मेंढरांच्या वाड्यात शिरल्यासारखं वाटायचं. दिवेलागणीला सगळं गाव जमलं. धुळाजी आबा येणार नव्हता, पण झुंबरबाईने त्याचा हात धरून ओढून आणलं. "मेलेला हायेस तर भूत म्हणून बस," म्हणाली. तो मधोमध, सगळ्यांच्या पुढे बसला.

खेळ सुरू झाला. रायभान मागे, कंपनीच्या भंगारातून आणलेल्या दाखवायच्या मशीनचं हँडल फिरवत होता आणि मी पडद्याशेजारी उभा राहून पाट्या मोठ्याने वाचत होतो. नदी दिसली तशा शिट्ट्या झाल्या, स्वतःची मेंढरं पडद्यावर दिसली तशी माणसं उभी राहिली. मग जयवंताबाई आली, पदर हनुवटीपर्यंत. आणि धुळाजी आबा खाकरला. सवयीने खाकरला बिचारा. सून समोर आली की खाकरायचं, बस. तंबू खो खो हसला. पुढचं दृश्य आलं, पुन्हा सून, पुन्हा खाकरणं. लोक आता सुनेपेक्षा आबाचीच वाट बघायला लागले. सून लांडग्याला बडवत होती आणि मागून कुणीतरी ओरडलं, "अरे, तोंड तर दावा! का आतून बी मिशीवालाच हाये?"

सगळा तंबू हसला. बायकांत बसलेली जयवंताबाई मान खाली घालून बसली होती. एवढ्यात धुळाजी आबा उठला. कुणाकडे न बघता, लोकांचे पाय ओलांडत तंबूच्या बाहेर चालता झाला.

"आबा!" रायभान मागून ओरडला. पण त्याला जागचं हलता येत नव्हतं. मशीनचं हँडल थांबलं आणि फिल्म दिव्यापुढे एका जागी राहिली की पेट घेते, आणि सबंध दुनियेत 'सुनेचा पराक्रम' ही एकच फिल्म होती. बाप निघून चालला होता आणि हा हँडल फिरवत होता. "बद्र्या, जा! आबाला धर!" त्याचा आवाज फाटला होता.

मी पाट्या वाचायच्या सोडून धावलो. आबा फार लांब गेला नव्हता. तंबूकडे पाठ करून दगडावर बसला होता.

"आबा, आत चला. रायभान रडायला आलाय."

"म्या न्हाई येणार," आबा म्हणाला. "म्या तिथं बसलो म्हणून लेकरू तोंड झाकून राह्यलं. एवढं लांडगं मारून राह्यली, आन लोक तिला हसून राह्यले. जाऊन सांग तिला, मामंजी भाईर गेलेत. आता पदर वर घे म्हणावं. दिसू दे लोकाला."

 सिनेमा आधीच काढलेला असतो, आता तुम्ही बाहेर गेलात तरी काही बदलत नाही, हे त्याला सांगणं सोपं होतं. मी सांगितलं नाही. मी आत जाऊन त्याचे शब्द जसेच्या तसे जयवंताबाईला सांगितले, आणि मी मोठ्याने वाचायच्या सवयीत होतो म्हणून सगळ्या तंबूने ऐकले. हसू थांबलं. त्यानंतर खेळ संपेपर्यंत कुणी शिट्टी मारली नाही. पडद्यावरचा पदर मात्र होता तिथंच राहिला.

दुसऱ्या दिवशी सकाळी जयवंताबाई स्वतःच म्हणाली, "काढा ती पेटी. मामंजींनी भाईर जाऊन सांगितलंय." रायभानकडे फिल्मचा शेवटचा तुकडा उरला होता, वीसेक फूट. ती वाळवंटात काठी टेकून उभी राहिली, पदर मागे टाकला आणि पेटीच्या डोळ्यात सरळ बघितलं. मला वाटलं लाजेल. लाजली बिजली काही नाही. सात वर्षांचं सगळं विचारून घ्यावं तशी बघत राहिली. त्या दिवशी माझा हात अजिबात चुकला नाही. रायभान पेटीमागे उभा राहून बायकोकडे बघत होता, बहुतेक पहिल्यांदाच.

तो तुकडा शेवटी जोडला. गावात पुन्हा खेळ लावला, आणि शेवटी काय जोडलंय ते सगळ्यांना ठाऊक होतं. आबा पुन्हा पुढे बसला. सून दरोडेखोराला लोळवते ते दृश्य संपत आलं, आणि आबा मागे वळला. थेट रायभानकडे बघितलं.

"थांब जरा," तो म्हणाला. "मला भाईर जाऊ दे, मंग दाव."

पाच महिन्यांनी बाप पोराशी बोलला. रायभान हँडल फिरवत होता आणि नाकडोळे पुसायला हात रिकामा नव्हता म्हणून सगळं तसंच वाहू देत होता. आबा लोकांचे पाय ओलांडत बाहेर गेला, बाहेरून एकदा खाकरला, आणि मग पडद्यावर जयवंताबाईचं तोंड आलं.

हँडल थांबवता येत नाही, म्हणून पुढच्या खेळापासून त्या तुकड्याआधी मी एक लांब पाटी लिहून जोडली: 'आता सूनबाई पदर काढतील. सासरेबुवांनी उठावे.' मी थट्टेने लिहिली होती. पण भोकरदनच्या बाजारात ती पाटी आली आणि आठ-दहा पागोटेवाले म्हातारे निमूट उठून बाहेर गेले. आष्टी तर जयवंताबाईच्या माहेरचं गाव, तिथं निम्मा तंबू रिकामा झाला. म्हातारे बाहेर बसून तंबाखू मळत वाट बघायचे, आणि आत त्यांच्याच सुना जयवंताबाईचं तोंड बघायच्या.

तेरा वर्षं रायभानने ती एकच फिल्म घोड्यावर घालून बाजारोबाजार फिरवली. जालन्याला बोलपट आले, लोक मुक्या सिनेमाला हसायला लागले, लढाईत कोरी फिल्म मिळेनाशी झाली. दुसरा सिनेमा काढू म्हणत म्हणत तो राहूनच गेला. अधूनमधून गंमत म्हणून भोकरदनचे लोक त्याला विचारायचे, "मिशी कवा काढतोस? नवा शिनेमा कवा?" तो हसायचा. धुळाजी आबा जवळपासच्या प्रत्येक खेळाला यायचा, त्या पाटीला उठायचा, बाहेर जाऊन खाकरायचा. ते वीस फूट त्याने कधीच पाहिले नाहीत.

अठ्ठेचाळीस साली रझाकारांची धामधूम वाढली तशी जिनिंग बंद पडली आणि मी गावी आलो. धुळाजी आबा, रायभान आणि जयवंताबाई मेंढरं घेऊन लांब रानात गेले होते. भाद्रपदात पोलीस अ‍ॅक्शन झाली, चार-सहा दिवस कुणी कुठं बाहेर पडलं नाही. मग हळूहळू वाटा चालू झाल्या. आम्ही दहा-पंधराजण पारावर बसून गप्पा ठोकत होतो. आणि समोरून मेंढरं आली, मेंढरांमागे रायभान.

त्याची मिशी नव्हती.

पारावर एकच हशा झाला. "आला रे! नवा शिनेमा आला!" कुणी म्हणालं, "बोलणारा काढ आता!" आणि मी, मला लाज वाटते सांगायला, मी सगळ्यांत मोठ्याने ओरडलो, "ह्या वेळी कोणाची सून होऊन राह्यला रे, रायभान?"

रायभान थांबला. आमच्याकडे बघत तसाच उभा राहिला. आम्हाला ते नाटक वाटलं, आणखी हसू आलं. कुणी उठलं नाही, कुणी डोक्याचं पागोटं काढलं नाही, झुंबरबाईसुद्धा आपल्या दारातून हसत होती.

मग मेंढरांच्या मागून जयवंताबाई पुढे आली. तिच्या डोईवर पदर होता, पण तोंड उघडं होतं. एरवी मेंढरांबरोबर आबा असायचा म्हणून तिचा पदर हनुवटीपर्यंत असायचा, आणि आज ती भर रस्त्याने उघड्या तोंडाने चालत आली. घरी पोचली. दाराशी थांबली. सवयीने, आतून कुणी खाकरतं का म्हणून क्षणभर थांबली, आणि मग तशीच आत गेली.

पारावरचं हसू कधी थांबलं ते मला आठवत नाही. पहिला गळा झुंबरबाईने काढला.